सेल काढून ठेवलेलं शेत

आप्पा,

तुमची आठवण आली की आधी तुमच्या उजव्या करंगळीचं नख डोळ्यांपुढं येतं. मुद्दाम वाढवलेलं, पिवळट, टोकाला काळी रेघ असलेलं. घड्याळाची काच उचलायला, बारीक स्क्रू सरकवायला ते लागायचं, हे मला मान्य आहे. पण त्याच नखानं तुम्ही कान कोरायचात, त्याच नखानं चहावरची साय बाजूला करायचात आणि तेच नख पुन्हा कुणाच्या तरी लग्नातल्या घड्याळात घालायचात. लोक बापाच्या हातांबद्दल गहिवरून लिहितात. मी तसलं काही वाचायला लागले की पान उलटते. मला गहिवर येत नाही, शिसारी येते. ती का येते, हे एकदा कुणाला तरी नीट सांगावं असं बरीच वर्षं मनात आहे. तुम्हालाच सांगितलेलं बरं, कारण आता तुम्ही मध्येच बोलून माझं वाक्य तोडणार नाही.

कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतलं आपलं दुकान म्हणजे घराचीच पुढची खोली. मध्ये पडदा आणि पडद्यापलीकडं स्वयंपाकघर. अलीकडं तुमचं टेबल, डोळ्याला लावायचं भिंग, घड्याळाची चाकं धुवायची पेट्रोलची वाटी आणि टेबलाखाली तंबाखू थुंकायचा डबा. पेट्रोल आणि तंबाखूचा तो एकत्र वास माझ्या शाळेच्या गणवेशालाही यायचा. आल्यागेल्याला तुमची एकच शिकवण असायची, वस्तू ठेवून द्यायची असेल तर सेल काढून ठेवावी. बॅटरी असो, रेडिओ असो, नाहीतर भिंतीवरचं घड्याळ. लहानपणी तुम्ही एक सेल फुटलेलं घड्याळ माझ्या नाकाशी धरलं होतं. आत हिरवट पांढरा थर साचला होता, एका बाजूला तो ओलसर होता. "वास घे, वास घे," तुम्ही म्हणालात, "सेल आत ऱ्हायला की असं हुतंय. आतल्या आत खातंय." मला ओकारी आली. तुम्ही हसलात, समोरचं गिऱ्हाईकही हसलं, आणि मी मोरीकडं पळाले.

कुणाच्या घरात कुणी गेलं की त्या माणसाचं मनगटी घड्याळ लोक तुमच्याकडं घेऊन यायचे, हे मात्र मी विसरलेले नाही. ही पद्धत तुम्हीच पाडलेली. तुम्ही झाकण उघडून सेल काढायचात, आत फुंकर मारायचात, झाकण बसवायचात आणि घड्याळ बटर पेपरात गुंडाळून दोन्ही हातांनी परत द्यायचात. "आता कायम टिकतंय बघा," एवढंच म्हणायचात. तेवढा वेळ तुमच्या तोंडात तंबाखू नसायची. त्या कामाचे तुम्ही कधी काही घेतलं नाहीत. पेठेत तुमचा मान होता तो त्यामुळं, आणि तो खोटा नव्हता.

आता अव्वाचं सांगते. अव्वा म्हणजे माझी आई, तुमची बायको. असं फोड करून सांगावं लागतंय, कारण तिच्याकडं बघून तुम्ही कधी काही ओळखल्याचं मला आठवत नाही. नव्वदीच्या दशकाच्या शेवटाला मामा आखातातून सुट्टीवर आला, तेव्हा त्यानं माझ्यासाठी हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम आणला. करड्या रंगाचा, साबणाच्या मोठ्या वडीएवढा. मी कॉलेजात जात होते आणि मामाला मी अजून फ्रॉकातच दिसत होते. मी तो डब्यांच्या फळीवर टाकून दिला. अव्वानं तो पुसून खाली काढला. त्याच्या मागं एक कॅसेट खोचलेली होती, ती शेतीच्या खेळाची निघाली. रोज सकाळ व्हायची, रान नांगरायचं, बी टाकायचं, पाणी द्यायचं, गाईला चारा घालायचा. इंग्रजी तिला येत नव्हतं, पण चित्रं बघून थोड्याच दिवसांत तिला सगळं समजलं. तिचं माहेर सीमेकडचं, घरात बोलणं कन्नड, बाप शेतकरी. लग्न होऊन पेठेत आल्यावर तिच्या हाताला माती लागली ती फक्त कुंडीतल्या कोथिंबिरीची. त्यामुळं तिला त्या खेळात कौतुकापेक्षा चुकाच जास्त दिसायच्या. "कोन करतंय गं असली शेती," ती म्हणायची, "पेरल्यावर चार दिसात मुळा येतोय व्हय? आन बांधावर एक झाड न्हाय." पण बोलता बोलता अंगठा चालूच असायचा.

गाय विकत घेतली तेव्हा खेळानं गाईचं नाव विचारलं. चारच अक्षरं मावत होती. तिच्या माहेरच्या गाईचं नाव हरणी. मी तिला अक्षरांचा तक्ता दाखवला आणि एच, ए, आर, एन अशी चार अक्षरं तिनं स्वतःच्या हातानं शोधून लावली. उरलेलं मी तोंडानं म्हणीन की, म्हणाली. त्या यंत्राच्या पडद्याला उजेड नव्हता, म्हणून दुपारची भांडी झाली की ती मागच्या खिडकीत जाऊन बसायची. मी कॉलेजातून यायची तेव्हा तिच्या तोंडावर ऊन असायचं आणि ती मान वर न करता विचारायची, "जेवलीस?" तिला तसं बसलेलं मी त्याआधी कधी बघितलं नव्हतं.

आणि तुम्हाला हे कळलं त्या दिवसापासून तुमच्या हातात एक खेळणं आलं, ते म्हणजे अव्वा. ओळखीचं गिऱ्हाईक आलं की तुम्ही पडदा बाजूला सारायचात. "या पावणं, आमची बागायतदारीन बघा. काय गं, उसाला तोड आली का? बिद्रीच्या कारखान्याला घालनार का दुसरीकडं?" गिऱ्हाईक पोट धरून हसायचं. अव्वा यंत्र पदराखाली घेऊन उठायची आणि त्याच लोकांना चहा टाकायची. मी पडद्याआड उभी राहून तुमचं हसणं ऐकायची. तुमचं हसणं ओलं होतं, आप्पा. शेवटी तोंडातला तंबाखूचा रस सांभाळताना त्याचा घोट व्हायचा. तो आवाज मला अजून येतो आणि हातातला घास खाली ठेवावा लागतो.

मग तो दूध उतू गेल्याचा दिवस. गिऱ्हाईक बसलेलं असताना तुम्ही आत आलात, शेगडीकडं बघितलंत, तिच्याकडं बघितलंत. "वय काय, करतीयास काय," म्हणालात. तिच्या हातातून यंत्र घेतलंत, त्या नखानं मागचं झाकण सरकवलंत, आतले पेन्सिल सेल काढलेत आणि खिशात टाकलेत. "सेल माझ्या टेबलावर असतील. सैपाक झाला की मागून न्यायचं." त्यानंतर तोच नेम झाला. संध्याकाळी तुम्ही सेल काढून न्यायचात आणि दुपारी तिला टेबलापाशी यावं लागायचं. "आवं, सेल देता?" असं विचारून ती उभी राहायची. तुम्ही भिंग डोळ्याला लावून हातातलं काम चालू ठेवायचात. कधी ते काम संपायचं, कधी तुम्ही ते मुद्दाम लांबवायचात. पन्नाशीला आलेली बाई, शाळेतल्या पोरीसारखी हात पुढं करून उभी. मी एकदा त्यावरून भांडले तर तुम्ही शांतपणे म्हणालात, "मी काय अडवतोय व्हय तिला? सेल आत ठिवू ने म्हनून काढतोय. फुटला म्हंजे?" तुम्हाला ते खरंच पटलेलं होतं. तेच जास्त ओंगळ होतं.

त्या नेमामुळंच अव्वाला एक प्रश्न पडला. मी तोवर शाहूपुरीत एका कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायला लागले होते. "व्हय गं," तिनं एकदा भाकरी थापताना विचारलं, "हे रोज सेल काढून नेत्यात, तरी दुसऱ्या दिवशी हरणी जागच्या जागी असती. मग ध्यानात कोन ठेवतंय?" सायबर कॅफेत बसून मी ते शोधून काढलं आणि तिला सांगितलं, की कॅसेटच्या आत घड्याळातल्यासारखा एक बारका सेल असतो. यंत्र बंद असलं तरी तो जागा असतो आणि शेत तोच लक्षात ठेवतो. तो संपला किंवा काढला, की सगळं गेलं. "समदं?" "सगळं. हरणी, कोंबड्या, पीक. पुन्हा मोकळं रान." तिनं तव्यावरची भाकरी उलटली, ती करपली होती. मग म्हणाली, "तू पोरांना शिकवतीस न्हवं, कॉपी करून ठेवा म्हनून? मग माझ्या रानाची कर की." मी करते म्हणाले. मग तिनं पडद्याकडं बघून आवाज खाली आणला. "ह्यांना सांगू नगं. गिऱ्हाइकांना सांगत बसत्याल." हे वाक्य तुम्ही दोनदा वाचा, आप्पा. घड्याळाचे सेल ज्याच्या हाताखालून रोज जात होते, त्या माणसाला घरातल्या एका सेलाची गोष्ट सांगायची आम्हाला भीती वाटत होती. तुम्हाला माहीत असतं तर पुढचं झालं नसतं. ते माहीत नव्हतं, कारण तुम्ही हसला असता.

कॅसेटमधली ही साठवण कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायची एक डबी मिळायची. एका बाजूला कॅसेट खोचायची आणि दुसऱ्या बाजूची वायर प्रिंटरच्या जागी लावायची. कोल्हापुरात ती कुणी ऐकलेलीही नव्हती. क्लासमधल्या एका मैत्रिणीचा भाऊ पुण्यात होता, त्याच्याकडून मागवली. त्यानं ती दुसऱ्या कुणाकडून मागवली, आणि महिने जात राहिले. "आली का गं डबी?" अव्वा विचारायची. मधल्या काळात ती कमी खेळायला लागली. बारक्या सेलाला ताण नको म्हणून. तसं काही नसतं हे मी तिला समजावलं, पण तिनं ऐकलं नाही. हरणीला चारा घालायचा, एक चक्कर मारायची आणि बंद करून ठेवायचं. तुम्हाला वाटलं, तुमच्या बोलण्यानं बाई सुधारली. तसं तुम्ही बोलूनही दाखवलंत.

उन्हाळ्यात ती गेली. दुपारी छातीत कळ आली, रिक्षा दारात येईपर्यंत संपलं होतं. माती झाली, घर पाहुण्यांनी भरलं. आत्यानं, जी इतकी वर्षं तिला खुळी म्हणत आली होती, माझ्या पाठीवर हात फिरवत सांगितलं, "खेळन्यातच जीव हुता बिचारीचा." लोक येत होते, बसत होते, चहा पीत होते, तिच्या खिडकीत कपबशा ठेवत होते. कुणीतरी तिथंच सुपारीही थुंकलं. मी ते पुसून काढलं. माझ्या डोक्यात तेव्हा फक्त ती कॅसेट होती. यंत्र फळीवर होतं, कॅसेट त्यात होती, आणि डबी आली की मी एवढं एक काम करणार होते. बाई गेली तरी तिचं रान तरी राहील, असं मी मनात धरून बसले होते. ते खुळं असेल. पण मला तेवढंच जमण्यासारखं होतं.

दिवस घालून झाले आणि मैत्रीण क्लासमध्ये डबी घेऊन आली. मी पुढचा तास न घेताच घरी आले. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. तुम्ही टेबलाशी बसला होतात, भिंग डोळ्याला, अंगात धुतलेला सदरा. तोंड रिकामं होतं. टेबलावर बटर पेपरातली एक पुडी होती, ते अव्वाचं मनगटी घड्याळ. तिच्या शेजारी कॅसेटचे करड्या प्लास्टिकचे दोन तुकडे, हिरवी पट्टी आणि एका बशीत काढलेला बारका सेल. खाली सोल्डरिंगचा डाग द्यायची सळई अजून धुरत होती. तुम्ही मान वर केलीत. तुमचे डोळे सुजलेले होते, आणि तरी तुमच्या चेहऱ्यावर काम चोख झाल्याचा आनंद होता.

"ह्येच्यात बी हुता बघ," तुम्ही म्हणालात. "मला वाटलंच. स्क्रूचं डोकं येगळंच हुतं, कुठला पेचकस बसंना. मग कानस मारून नवा केला. सेल डाग देऊन चिकटवल्याला, त्यो काढला. आता आत कायबी खात न्हाय. तिची वस्तू कायम टिकती."

मी विचारलं, "कशाला काढला?"

"कशाला म्हंजे? मोठे सेल रोज काढत न्हवतो व्हय? कवा काय झालं का? तसाच ह्यो बी."

तुम्ही सगळं जोडलंत, बटर पेपरात गुंडाळलंत आणि दोन्ही हातांनी माझ्यापुढं धरलंत. मी ते घेतलं. आत जाऊन पदराखालच्या चोरट्या मालासारखं उघडलं, यंत्रात खोचलं, तुमच्याच टेबलावरचे पेन्सिल सेल मागून आणून घातले. हो, मागून. खेळ चालू झाला. गाणं वाजलं, आणि कोरा खेळ सुरू होताना विचारतात तसं खेळानं खेळणाऱ्याचं नाव विचारलं. अक्षरांचा तक्ता होता, पुढं चार रिकाम्या जागा. बाहेरून तुम्ही विचारलंत, "चालतंय न्हवं?" मी म्हणाले, चालतंय.

मी तुम्हाला तेव्हा सांगितलं नाही. नंतरही नाही. मला त्याचा चांगुलपणा नको आहे. तुम्हाला सांगितलं असतं तर तुम्ही रडला असता, आणि तुमचं रडणं मला बघायचं नव्हतं. मला तुमच्यावरचा राग हवा होता, तो तसाच्या तसा. आणि तुम्ही तो ताजा ठेवायची सोयही केलीत. ते यंत्र तुम्ही दुकानातल्या काचेच्या कपाटात ठेवलंत, बंद पडलेल्या जुन्या घड्याळांच्या रांगेत. ज्या तोंडानं बागायतदारीन म्हणायचात, त्याच तोंडानं आता गिऱ्हाइकांना सांगायला लागलात, "आमच्या मंडळीचं हाय. लई जीव त्येच्यावर. सेल काढून ठिवलाय, आतलं कायबी बिघडनार न्हाय." लोक हळहळायचे. पडद्याआडून मी ते किती वेळा ऐकलं असेल. अंगावर झुरळ चढल्यासारखं व्हायचं. क्लासमध्ये पोरांना सेव्ह करा, कॉपी घ्या, असं सांगताना माझीच जीभ मला नकोशी व्हायची. ती डबी मी एकदाही न वापरता मैत्रिणीला परत दिली.

मग तुमचं दुखणं आलं. हात थरथरायला लागले, दुकान बंद झालं आणि तुम्ही मागच्या खोलीत पडून राहिलात. मी तुमचं सगळं केलं. तुम्हाला पुसलं, भरवलं, ते नखही मीच कापलं, आणि ते कापताना दात आवळून धरले होते. एका दुपारी तुम्ही मला कपाटाकडं बोट करून ते यंत्र आणायला लावलंत. काढलेला तो बारका सेलही तुम्ही एका डबीत जपून ठेवला होता, तोही आणायला लावलात.

"घाल की ह्यो," तुम्ही म्हणालात. "आन दाव मला. ती काय करायची त्येच्यात, मी कवा बघितलंच न्हाय."

मी म्हणाले, "आप्पा, तो सेल आता मेला असेल."

"असंल," तुम्ही म्हणालात. घड्याळवाल्याला ते पटायला वेळ लागला नाही. तुम्ही यंत्र छातीवर ठेवलंत. मग विचारलंत, "तू बघितलंस न्हवं? त्येच्यात मी हुतो का गं?"

इतकी वर्षं जपलेला राग माझ्या तोंडाशी आला होता. एक वाक्य पुरलं असतं. मी म्हणाले, "होतात की. तुमचं नाव होतं. ती रोज सकाळी उठली की आधी तुम्हालाच हाक मारायची."

तुम्ही डोळे मिटलेत. तोंडावर असं समाधान पसरलं की मला तिथून उठावं लागलं. पुढं तुम्ही त्यावर काही विचारलं नाहीत, आणि मग विचारायला तुम्हीच राहिला नाहीत.

मी खोटं बोलले नव्हते, आप्पा. त्या रानात एक कुत्रा होता. खेळानं त्याचं नाव विचारलं तेव्हा अव्वानं मला बोलावलं नाही, अक्षरं तिला तोवर येत होती. ए, पी, पी, ए. मी ते बघितलं तेव्हा ती तोंडाला पदर लावून इतकी हसली की तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. रोज सकाळी त्याला हाक मारली नाही तर तो रुसून झोपडीत बसायचा, आणि ती एकही दिवस चुकली नाही. "आवं, या हिकडं," म्हणायची, आणि तो यायचा. तिच्या हसण्यात सूड किती होता आणि माया किती होती, हे मला तेव्हाही समजलं नाही. तपासून बघायला आता काही उरलेलं नाही, त्याची व्यवस्था तुम्ही स्वतःच्या हातानं केलीत.

हे पत्र जायला जागा नाही, ते ठाऊक असूनच लिहिलं. पण समजा असती, तरी मी हे कुत्र्याचं तेवढं काढून उरलेलं पाठवलं असतं. तुमची शिसारी मला आजही तितकीच येते. फक्त तेवढं एक तुम्हाला कळू नये असं वाटतं.